मोम्बासा, व्हाया कंबर तलाव

१९ ऑक्टोबर

थोर दिग्दर्शक डायरी लिहितात, असं कुठंतरी वाचलं होतं. आजवर थोर व्हायचा प्रसंग आला नाही म्हणून लिहिली नाही. आज आला.

चाटी गल्लीतल्या कापडवाल्या नंदीशशेठनी दुकानात बोलावून घेतलं. मला वाटलं, मुलीचं लग्न ठरलं असेल. पण गादीवर बसवून, चहा सांगून, दार लोटून घेतलं आणि म्हणाले, "मल्लिनाथराव, लग्नाचे व्हिडिओ किती दिवस काढणार? एक डॉक्युमेंटरी काढा की."

त्यांचे आजोबा चन्नवीरअप्पा इंग्रजांच्या राज्यात आफ्रिकेला, मोम्बासा शहरात गेले होते आणि तिथं त्यांनी म्हणे कापडाचं साम्राज्य उभं केलं. मुंबईच्या एका फिल्म महोत्सवात यंदा 'वसाहतकाळातली शहरं : रोजचं जगणं' असा विभाग आहे. तिकडे फिल्म पाठवायची. त्याआधी आठ फेब्रुवारीला आजोबांची पुण्यतिथी. त्या दिवशी मंगल कार्यालयात एलईडी पडद्यावर सगळ्या समाजासमोर दाखवायची. मार्चमध्ये समाजाच्या ट्रस्टची निवडणूक आहे आणि शेठ अध्यक्षपदाला उभे आहेत, हे त्यांनी सांगितलं नाही. त्याची गरजही नव्हती, पोस्टर दुकानाच्या दारातच होतं.

मी विचारलं, "मोम्बासाला कधी निघायचं?"

शेठ म्हणाले, "जायचं कशाला? आपल्या सोलापुरात काय कमी आहे?"

घरी येऊन चंद्रिकेला बातमी दिली. ती म्हणाली, "काढा की. मला बघायला लावू नका म्हणजे झालं." इतक्या वर्षांच्या संसारात माझी एकही फिल्म तिनं शेवटपर्यंत पाहिलेली नाही. आमच्या स्वतःच्या लग्नाची कॅसेटसुद्धा तिनं पंगतीपर्यंतच पाहिली. घरच्या माणसाला कदर नसते, हे थोरांच्या बाबतीत नेहमीचंच आहे.

२१ ऑक्टोबर, अमावास्या

शूटिंगचा मुहूर्त शेठच्या घरी केला. आमच्यात दिवाळीच्या अमावास्येला वाडवडिलांना 'एडे' ठेवतात, म्हणजे गेलेल्या प्रत्येक माणसाच्या नावानं नैवेद्याचं ताट. भिंतीला फोटो, फोटोखाली ताट, ताटात गव्हाची गोड हुग्गी, शेंगाची पोळी. परंपरा म्हणून हा शॉट उत्तम.

तिथं आत्याबाई भेटल्या. रत्नम्मा, शेठच्या आत्या, चन्नवीरअप्पांची थोरली लेक. जन्मच मोम्बासाचा. बाराव्या वर्षी बापाबरोबर बोटीनं परत आल्या. मग चन्नवीरअप्पांनी इथं दुसरं लग्न केलं, त्या घरातले हे शेठ. आत्याबाई आता पंच्याऐंशीच्या आहेत. कपाळाला विभूतीचे पट्टे, नजर तीक्ष्ण, पाय अधू. मोम्बासा पाहिलेलं जिवंत माणूस एवढं एकच.

मला म्हणाल्या, "तू फोटोवाला न्हवं? कुनाचा तू?" मी वडिलांचं नाव सांगितलं. "मग मल्लू म्हनते तुला," असं त्यांनी परस्पर ठरवून टाकलं.

ताटं त्याच मांडत होत्या. शेवटी एक ताट जास्तीचं झालं. वर फोटो नाही, नुसती भिंत. त्यात हुग्गीही नाही, फक्त गोल गोड अप्पे. मी शेठकडे पाहिलं. ते हळू आवाजात म्हणाले, "वय झालं की त्यांचं. मोजायला चुकतात. दर वर्षी चुकतात, आता आम्ही बोलत नाही."

फोटोखाली ताट, फोटोखाली ताट आणि शेवटी भिंतीखाली ताट, यानं फ्रेम बिघडत होती. मी कॅमेरा जरा डावीकडे घेतला आणि ते ताट बाहेर काढलं. असल्या बारीक गोष्टींतूनच दिग्दर्शक दिसतो.

२ नोव्हेंबर

आत्याबाईंची पहिली मुलाखत. फार निराशा झाली.

मी विचारलं, "आत्याबाई, चन्नवीरअप्पांनी साम्राज्य कसं उभं केलं?"

"कसलं साम्राज्य रं? बापू कच्छी शेटच्या दुकानात कापड मोजायचे. लोकंडी गज असायचा हातात. पायरीवर बसून शिवन बी करायचे."

मागं बसलेले शेठ खाकरले. मी विषय बदलला. मोम्बासातलं रोजचं जगणं सांगा म्हणालो. मनात होतं, समुद्र, सूर्योदय, गोरे साहेब असं काही येईल. आत्याबाई एकदम खुलल्या.

"आमची गल्ली लई बारीक. उन्हाळ्यात सुकटाचा वास, अन् त्यातच वरनं लवंगांचा. बायका दोन कापडं गुंडाळायच्या, एक कमरंला, एक डोस्क्यावरनं. त्या कापडाच्या काठावर म्हन छापलेली असायची. आदी म्हन वाचायच्या, मग भाव करायच्या. सवतीला टोमना मारायचा असंल तर तसली म्हन बघून कापड घ्यायच्या अन् तिच्या दारावरनं जायच्या. बापू गिऱ्हाइकाला इचारायचे, भांडन कुनाशी हाय?"

हे सगळं बायकी. महोत्सवाचे परीक्षक काय म्हणतील? मी विचारलं, सिंह किती जवळून पाहिला?

"सिंव्ह? सिंव्ह मी पयल्यांदा पुन्यात पाहिला. पेशवे पार्कात."

मी कपाळाला हात लावला. त्या मात्र थांबेनात. "अन् आमच्या शेजारी बी हलिमा ऱ्हायची, तितं बाईला 'बी' म्हनत्यात. तिच्या घरात आमी..."

"कट!" शेठ म्हणाले.

माझ्या सेटवर कोणीतरी पहिल्यांदाच 'कट' म्हणालं आणि तो मी नव्हतो, याचं वाईट वाटलं. शेठनी मला बाहेर नेलं. म्हणाले, "हे शेजारपाजार, स्वयंपाकघर असलं काही नको. बघणारा अर्थाचा अनर्थ करतो. पुण्यतिथीला मठाचे स्वामीजी येणार आहेत. रोजचं जगणं म्हणजे व्यापार, दानधर्म, घोडागाडी असं पाहिजे." मला पटलं. वहीत लिहून घेतलं : रोजचं जगणं म्हणजे सूर्योदय, बंदर, आजोबा.

१६ नोव्हेंबर

दुधनीला लग्न. डॉक्युमेंटरी चालू असली तरी लग्नसराई सोडता येत नाही.

पडद्यावर वधूवरांचं गाणं ऐन रंगात असताना नवऱ्याची आजी पहिल्या रांगेत उठून उभी राहिली. माझ्या हातानं आपोआप म्युझिक खाली घेतलं, माइक वर घेतला आणि कॅमेरा आजीवर फिरवला. तिनं कानडीत आशीर्वाद दिला, सगळे रडले. आमच्या धंद्याचा हा पहिला नियम. म्हातारं माणूस उभं राहिलं की म्युझिक खाली, माइक वर. त्यांचं एक वाक्य हुकलं तर ते घराणं तीन पिढ्या तुम्हाला बोलावत नाही. कलेशी याचा काही संबंध नाही, पण हाताला सवय झाली आहे.

२३ नोव्हेंबर

आज कंबर तलावावर मोम्बासाचं बंदर उभं केलं. जलपर्णी एवढी माजली होती की पाणी शोधावं लागलं. बोट एकच मिळाली, पायडल मारायची, हंसाच्या आकाराची. हंसाची मान फ्रेमच्या बाहेर ठेवली. चन्नवीरअप्पांचं काम स्वतः शेठ करतायत. धोतर, कोट, रुमाल, हातात बॅग. बॅगेवर विमान कंपनीची चिठ्ठी होती, ती दोन शॉट झाल्यावर दिसली. असो, लांबून कळत नाही.

दुपारी भुईकोट किल्ल्यात गोऱ्या साहेबांचा दरबार घेतला. साहेब म्हणून ओळखीचा एक गोरापान बेकरीवाला आणला होता. त्यानं शेठना "या बसा" म्हटलं. नंतर इंग्रजीत डब करू.

सूर्योदय मिळाला नाही. सूर्यास्त घेतलाय, उलटा चालवू.

४ डिसेंबर

शेठचा आग्रह होता की आफ्रिकेची फिल्म आहे तर आफ्रिकन माणूस पाहिजे. फार्मसी कॉलेजच्या हॉस्टेलवर झुहुरा नावाची मुलगी सापडली. चक्क मोम्बासाची! नशीब म्हणतात ते हे.

पण प्रत्यक्षात ती मला पुरेशी आफ्रिकन वाटली नाही. जीन्स, डोक्याला रुमाल, कानात इअरफोन, आणि हॉस्टेलच्या मेसमध्ये शिकलेली हिंदी थेट आमच्या विजापूर वेशीतली, दखनी. शेठनी शाळेच्या गॅदरिंगला कपडे पुरवणाऱ्याकडून पिसांचा मुकुट आणि पानांचा झगा आणला होता. तिनं तो दोन बोटांनी उचलून पाहिला.

"सर, ये नक्को. हमारे घर में ऐसा कोई नहीं पहनता. अब्बा बँक में हैं."

"बरं, निदान कापडाचा गठ्ठा डोक्यावर घेऊन चाल," मी म्हणालो.

"गठ्ठा मैं क्यूं उठाऊं सर? हमाल बुलाओ ना."

कलाकारांचे नखरे सहन करावे लागतात. म्हटलं, चल, निदान आत्याबाईंशेजारी बस. शेठ बाहेरगावी होते, घरात आम्हीच.

झुहुरा आत गेली. आत्याबाईंना पाहून वाकली आणि तिकडं थोरांना नमस्कार करतात तसं म्हणाली, "शिकमू."

आत्याबाई तांदूळ निवडत होत्या. हात थांबला. एक खडा वेचून त्यांनी बाजूला टाकला. मला वाटलं ऐकू आलं नाही. मग अगदी लहान मुलीच्या आवाजात म्हणाल्या, "मरहबा."

आणि मग जे बोलायला लागल्या ते थांबेचनात. स्वाहिली का काय ती भाषा. आधी अडखळत, मग भरभर, मध्ये कानडी, मध्ये मराठी, पुन्हा ती भाषा. झुहुराचा हात दोन्ही हातांत धरलेला. दोघी हसत काय होत्या, रडत काय होत्या. आत्याबाईंनी उठून, भिंत धरत धरत जाऊन, अप्प्यांचा डबा आणला. झुहुरानं एक तोंडात टाकला आणि ओरडली, "वितुम्बुआ!" म्हणाली, हे तर आमच्याकडं आई करते, नारळाचं दूध, वेलची, सगळं तेच. "किसने सिखाया दादी?" त्यावर आत्याबाई पुन्हा सुरू. त्यात 'हलिमा' एवढंच मला कळलं.

दृश्य अप्रतिम. खिडकीतला उजेड, दोन हात, एक सुरकुतलेला, एक कोवळा. मी झपाझप शॉट घेतले. माइक मात्र सुरुवातीलाच बंद केला होता. एक तर त्यातलं कोणालाच कळणार नाही, दुसरं म्हणजे माइकचा सेल उतरत आला होता. वर बासरी टाकू. असल्या दृश्याला बासरी शोभते.

निघताना आत्याबाईंनी माझं मनगट धरलं. "मल्लू, आवाज घेतलास न्हवं?"

"घेतला की आत्याबाई."

"बास मग. घरात कुनाला सांगता आलं न्हाय मला आजवर. आट तारकेला समद्या समाजाम्होरं एकदा तिचं नाव निगू दे, मग मी मरायला मोकळी."

कुणाचं नाव, ते विचारायचं राहिलं. रिक्षावाला हॉर्न देत होता.

१४ जानेवारी

गावात संक्रांतीची गड्ड्याची यात्रा, अक्षता, नंदीध्वजांच्या काठ्या, गर्दी. मी मात्र घरात एडिटिंगला बसलोय. कलावंताला सण नसतो.

शेठ रोज नवीन सूचना पाठवतात. साम्राज्य हा शब्द जास्त वेळा यावा. गज, शिवण, कच्छी शेठ हे काढावं. शेजारीण काढावी. सिंह घालावा. सिंह इंटरनेटवर फुकट मिळाला, त्याच्याबरोबर जिराफही मिळाला. शेठना जिराफ फार आवडला, दोनदा घाला म्हणाले. आत्याबाईंचं बोलणं आता फक्त "आमची गल्ली" आणि "बापू" एवढं उरलंय. दोघींच्या हातांचं दृश्य शेठ काढाच म्हणत होते. मी कलावंत म्हणून अडून बसलो. आवाज नाही, नुसती बासरी आहे, हे कळल्यावर ते तयार झाले.

चंद्रिका भाकरी थापता थापता दारातून डोकावली. म्हणाली, "त्या दोघी काय बोलायला लागल्यात?"

"कुणास ठाऊक."

"मग तुम्हाला ठाऊक नाही म्हणून बासरी का?"

भाकरी करपत होती, ते मी तिच्या निदर्शनास आणून दिलं.

७ फेब्रुवारी

आत्याबाईंचा फोन. दम लागत होता. "उद्या आवाज मोटा ठेव बरं का मल्लू. मागं बसलेल्यास्नी बी ऐकू गेलं पायजे." मी हो म्हणालो. फोन ठेवल्यावर जरा बरं वाटेना. पण मोठ्या कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी असं होतंच.

८ फेब्रुवारी

क्रमानं लिहितो.

सकाळी कार्यालयात गेलो. स्टेजवर वाडवडिलांचे हार घातलेले फोटो, खाली ताटं. आणि शेवटी पुन्हा ते जास्तीचं ताट, वर फोटो नाही, आत अप्पे. आत्याबाईंनी पहाटे येऊन मांडलं असणार; त्या आता पहिल्या रांगेत डोळे मिटून बसल्या होत्या. एलईडीवर सगळं स्टेज दिसणार होतं, फ्रेम पुन्हा बिघडली. मी कोणाला न विचारता ते ताट उचलून स्टेजमागं, जनरेटरशेजारच्या खुर्चीवर नेऊन ठेवलं. सकाळपासून पोटात काही नव्हतं. त्यातले दोन अप्पे खाल्ले. फार सुरेख होते.

कार्यालय खच्चून भरलं. मागून हुग्गीचा वास येत होता, त्यामुळे लोक प्रसन्न होते. पहिल्या रांगेत स्वामीजी, फार वृद्ध, कानाला मशीन. शेजारी शेठ. पलीकडे आत्याबाई, त्यांच्याशेजारी झुहुरा. आशीर्वचनासाठी माइक पहिल्या रांगेतच ठेवला होता. मी सगळ्यात मागं, मिक्सरवर; स्टेजच्या कडेला लावलेला लाइव्ह कॅमेरा तिथूनच रिमोटनं फिरवायचा होता.

फिल्म सुरू झाली. सूर्योदयाला सूर्य वर आला, पण पक्षी उलटे उडत होते. हंसाच्या बोटीतून शेठ उतरले तेव्हा टाळ्या पडल्या. सिंहाला पोरांनी शिट्ट्या मारल्या. जिराफ दुसऱ्यांदा आला तेव्हा झुहुरा तोंडाला रुमाल लावून हसताना दिसली. लोक पडद्यावर आपापली माणसं शोधत होते आणि न सापडल्यामुळे जेवणाची चौकशी करत होते.

मग खिडकीतला उजेड आला. दोन हात आले. बासरी सुरू झाली.

आत्याबाई काठी टेकून उभ्या राहिल्या.

मी काही ठरवलं नव्हतं, हे इथं नमूद करतो. माझ्या हातानं म्युझिक खाली घेतलं, माइक वर घेतला आणि लाइव्ह कॅमेरा त्यांच्यावर फिरवला. दुधनीत फिरवला तसाच. पडद्यावर आत्याबाईंचा चेहरा केवढा तरी मोठा दिसायला लागला. झुहुरानं माइक त्यांच्या तोंडाशी धरला.

"माजा आवाज कुटं गेला?" आत्याबाई म्हणाल्या. "तितं बासरी न्हवती. मी बोलत हुते. काय बोलले ते सांगते आता."

आचारीसुद्धा दारात येऊन उभे राहिले.

"मी तीन वर्साची असताना माजी अव्वा, आई, तापानं गेली, मोम्बासाला. बापू दिसभर दुकानात. शेजारी बी हलिमा ऱ्हायची. मुसलमान. वितुम्बुआ करून इकायची. तिनं मला उचलून घरात नेली. नऊ वर्सं तिच्या घरात झोपले, तिच्या हातचं जेवले. ताप आला की तीच उशाला. मला अव्वा आटवत न्हाय. मला तीच आटवती."

त्यांनी काठी दुसऱ्या हातात घेतली.

"बोटीत बसायच्या दिशी तिनं पुडी दिली, वाटंत खा म्हनून. बापू म्हनले, समुद्रात टाक. अन् सोलापुरात कुनाला सांगू नगंस तिच्या हातचं खाल्लंस ते, तुजं लगीन व्हनार न्हाय. मी टाकली. बापू वाईट न्हवते. भ्याले हुते. मी बी भ्याले. तवापास्नं तिचं नाव मी कुनाम्होरं काडलं न्हाय. ह्या पोरीम्होरं काडलं, अन् आज तुमच्याम्होरं. बी हलिमा. बास, झालं."

एवढं बोलून त्या बसल्या. मी शेठकडे कॅमेरा नेला. तोही सवयीनंच. आशीर्वादानंतर घरच्या कर्त्या माणसाचा चेहरा घ्यायचा असतो. शेठ पांढरेफटक पडले होते.

स्वामीजींनी कानाचं मशीन हलवून पाहिलं. शेठना विचारलं, "काय म्हणाल्या अम्मा?"

शेठ हात जोडून हळूच म्हणाले, "काही नाही स्वामीजी. वय झालंय त्यांचं."

माइक झुहुराच्या हातात तसाच चालू होता. सगळ्यांना ऐकू गेलं. स्वामीजी सोडून सगळ्यांना.

"मोठ्यानं सांग," स्वामीजी म्हणाले.

"हलिमा म्हणून एक होत्या..."

"कोण?"

पडद्यावर शेठचं कपाळ घामानं चमकत होतं. समोर अख्खा समाज, विरोधी पॅनेलसकट. त्यांनी एकदा आत्याबाईंकडे पाहिलं. आत्याबाई त्यांच्याकडे पाहत नव्हत्या, मांडीवरच्या हातांकडे पाहत होत्या. मग शेठ स्वामीजींच्या कानाशी वाकले आणि ओरडले, "हलिमा! बी हलिमा! त्यांनी आत्याला वाढवलं! नऊ वर्षं! आत्या त्यांच्या हातचं जेवली!"

शेवटच्या वाक्याला त्यांचा आवाज फाटला. एरवी मी लेव्हल कमी केली असती.

स्वामीजींनी मान डोलावली. "म्हणजे अव्वाच की ती हिची. मग फोटो कुठं आहे तिचा? ताट कुठं आहे?"

"फोटो न्हाय," आत्याबाई म्हणाल्या. "ताट दर वर्सी ठेवते. घरातले म्हनत्यात, म्हातारी मोजायला चुकती. आज बी ठेवलं हुतं." आणि काठी उचलून त्यांनी थेट मागं, माझ्याकडे दाखवलं. "ह्या मल्लूनं उचललं."

सगळं कार्यालय माझ्याकडे वळलं. मी स्टेजमागं पळालो. ताट घेऊन आलो तेव्हा पहिल्यांदा माझ्या लक्षात आलं की त्यात दोन अप्पे कमी आहेत. नैवेद्याचं ताट उष्टं झालेलं. लपवायला कुठं जागाही नव्हती. मी आत्याबाईंसमोर तसाच उभा राहिलो आणि म्हणालो, "आत्याबाई, दोन मी खाल्ले." मला रडू आलं. का आलं ते सांगता येणार नाही, दमलो होतो.

आत्याबाईंनी ताटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"असू दे रं," त्या म्हणाल्या. "ती बी आदी पोरांनाच खायाला घालायची."

शेठनी माझ्या हातातून ताट घेतलं आणि स्वतः नेऊन ठेवलं. भिंतीखाली नाही. आजोबांच्या शेजारी.

११ फेब्रुवारी

शेठच्या नव्या प्रचारपत्रकाचा मजकूर आला, मी वाचून पाहावा म्हणून. 'आफ्रिकेच्या हलिमाआजींचे संस्कार लाभलेले नेतृत्व.' त्या दिवशी त्यांचा आवाज फाटला होता तो खरा होता, एवढं मला माहीत आहे. बाकी निवडणूक आहे.

झुहुरानं कार्यालयातला व्हिडिओ आईला पाठवलाय. मोम्बासाच्या जुन्या भागात हलिमाच्या घरचं कोणी भेटतंय का, ते आई विचारणार आहे. अजून उत्तर नाही. आत्याबाई झुहुराला रोज बोलावून घेतात आणि दोघी तासन्‌तास ती भाषा बोलतात. मी आज कॅमेरा घेऊन गेलो तर म्हणाल्या, "ते ठेव तिकडं अन् खा." त्यामुळे आज शूटिंग झालं नाही.

महोत्सवाला पाठवायची मुदत अजून आहे. सिंह काढला. जिराफ दोन्ही काढले. गज घातला, कच्छी शेठ घातला, म्हण छापलेली कापडं घातली. शेवटी कार्यालयातलं आत्याबाईंचं बोलणं जोडलं. दोघींच्या हातांचं दृश्य तसंच ठेवलंय, फक्त बासरी काढली. मूळ आवाज नाही, तो आता कुठून आणणार? नुसते ओठ हलतात.

चंद्रिका भाजी निवडत शेजारी बसली होती. जाईल मध्येच उठून, असं धरून चाललो होतो. कुकरच्या शिट्ट्या झाल्या तरी ती उठली नाही. फिल्म संपली. तिनं पदरानं नाक पुसलं आणि म्हणाली, "परत एकदा लावा."